गंगाधर पानतावणे : चळवळीने घडवलेला समीक्षक आणि आजची रिकामी जागा

दरवर्षी १५ आणि १६ ऑक्टोबरला चंद्रपूरच्या दीक्षाभूमीवर पुस्तकांचे स्टॉल लागतात. बाबासाहेबांचे ग्रंथ, धम्मावरची पुस्तके, कवितासंग्रह, आत्मकथने, गाण्यांच्या पुस्तिका असे सगळे तिथे मिळते. गडचिरोली, मूल, ब्रह्मपुरी, राजुरा, सिरोंचा अशा भागांतून आलेली माणसे जेवणाच्या डब्यासोबत पुस्तकांची पिशवी घेऊन परततात. पुस्तके विकली जातात आणि वाचलीही जातात. मात्र त्यातले कोणते पुस्तक नीट अभ्यासून लिहिले आहे, कोणते घाईत छापले आहे आणि कोणत्यात चुकीची माहिती आहे, हे आपल्याला कोण सांगते? हे काम समीक्षकाचे. आंबेडकरी चळवळीत हे काम ज्यांनी पन्नास वर्षे केले, त्या डॉ. गंगाधर पानतावणे यांच्या कारकिर्दीची ओळख या लेखात करून दिली आहे. त्यांचे मुख्य क्षेत्र पुस्तकांचे होते. आज आपले तरुण पुस्तकांपेक्षा जास्त वेळ चित्रपट आणि मालिका पाहतात. म्हणून त्यांची पद्धत पडद्यासाठी कशी वापरता येईल, हेही शेवटी पाहू.

थोडक्यात परिचय

गंगाधर विठोबा पानतावणे यांचा जन्म २८ जून १९३७ रोजी नागपुरात झाला. मराठीचे प्राध्यापक, समीक्षक, संशोधक आणि ‘अस्मितादर्श’ या त्रैमासिकाचे संपादक ही त्यांची मुख्य ओळख. औरंगाबादच्या (आताचे छत्रपती संभाजीनगर) मिलिंद महाविद्यालयात आणि पुढे विद्यापीठाच्या मराठी विभागात त्यांनी अध्यापन केले. ‘मूल्यवेध’, ‘विद्रोहाचे पाणी पेटले आहे’, ‘दलितांचे प्रबोधन’, ‘वादळाचे वंशज’, ‘साहित्य : शोध आणि संवाद’, ‘लेणी’ आणि ‘पत्रकार डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ ही त्यांची काही पुस्तके. ‘मृत्युशाळा’ हे नाटकही त्यांच्या नावावर आहे. फेब्रुवारी २००९ मध्ये अमेरिकेतील सॅन होजे येथे झालेल्या पहिल्या विश्व मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. जानेवारी २०१८ मध्ये त्यांना पद्मश्री जाहीर झाली आणि २७ मार्च २०१८ रोजी औरंगाबाद येथे त्यांचे निधन झाले.

नागपूर ते नागसेनवन

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी बाबासाहेबांनी नागपुरात धम्मदीक्षा घेतली आणि लाखो अनुयायांना दिली. दोन दिवसांनी, १६ ऑक्टोबरला, तेव्हाच्या चांदा येथे म्हणजे आजच्या चंद्रपुरात दुसरा दीक्षा सोहळा झाला. त्या ऑक्टोबरमध्ये पानतावणे १९ वर्षांचे होते. धर्मांतरानंतरच्या पिढीपुढे एक नवा प्रश्न होता. जुने देव, जुने सण, जुनी गाणी सोडली, मग त्या जागी आपले स्वतःचे काय उभे करायचे? हा प्रश्न जितका विहाराचा होता, तितकाच साहित्याचाही होता.

त्या प्रश्नाला हात घालण्याची सुरुवात मुंबईत झाली. २ मार्च १९५८ रोजी दादरला पहिले दलित साहित्य संमेलन भरले आणि त्याचे उद्घाटन अण्णाभाऊ साठे यांनी केले. पण संमेलन दोन दिवसांत संपते. त्यानंतर रोज लिहिणाऱ्या माणसाला छापायला जागा लागते आणि छापलेले वाचून उत्तर देणारे कोणी लागते. ही जागा पुढे औरंगाबादेत तयार झाली.

औरंगाबादला पीपल्स एज्युकेशन सोसायटीचे महाविद्यालय १९५० मध्ये सुरू झाले. पुढे त्याला मिलिंद महाविद्यालय असे नाव मिळाले आणि परिसराला नागसेनवन. ही नावे बाबासाहेबांनी विचारपूर्वक निवडली होती. ‘मिलिंदपञ्ह’ या पाली ग्रंथात राजा मिलिंद प्रश्नामागून प्रश्न विचारतो आणि भिक्खू नागसेन दाखले देऊन उत्तरे देतात. राजा पटल्याशिवाय मान डोलावत नाही आणि भिक्खूही प्रश्नाचा राग धरत नाहीत. विद्यार्थ्याने प्रश्न विचारावा आणि गुरूने पुराव्याने उत्तर द्यावे, हा त्या नावांचा अर्थ. मराठवाड्यातल्या आणि विदर्भातल्या खेड्यांमधून आलेली, घरात पहिल्यांदाच शिकणारी मुले इथे एकत्र आली. नागपूरहून आलेले पानतावणे याच परिसरात मराठी शिकवू लागले.

तिथे डॉ. म. ना. वानखडे हे एक महत्त्वाचे नाव होते. ते अमेरिकेत शिकून आले होते. तिथल्या कृष्णवर्णीय लेखकांनी गुलामगिरी आणि वर्णभेदाच्या अनुभवातून उभे केलेले साहित्य त्यांनी अभ्यासले होते. आपल्या विद्यार्थ्यांनाही स्वतःचा अनुभव स्वतःच्या भाषेत लिहिता येईल, असा त्यांचा आग्रह होता. या मंडळींच्या पुढाकारातून १९६७ मध्ये ‘अस्मिता’ नावाचे नियतकालिक सुरू झाले आणि थोड्याच काळात त्याचे नाव ‘अस्मितादर्श’ झाले. त्याच्या संपादनाची जबाबदारी पानतावणे यांनी घेतली ती अखेरपर्यंत.

अस्मितादर्श : संपादन हीच समीक्षा

समीक्षक म्हटले की वर्तमानपत्रात पुस्तकाचा परिचय लिहिणारा माणूस आपल्या डोळ्यांसमोर येतो. पानतावणे यांचे काम त्याच्या बरेच आधी सुरू होत असे. पोस्टाने आलेले हस्तलिखित वाचणे, त्यातले घेण्यासारखे काय आणि टाकण्यासारखे काय हे ठरवणे, लेखकाला पत्राने कळवणे, दुरुस्त होऊन आलेला मजकूर छापणे आणि पुढे त्याच लेखकाचे पुस्तक आले की त्याच्यावर लिहिणे किंवा लिहवून घेणे, अशी ही साखळी होती. ज्या लेखकाच्या घरात कोणी लिहिणारे नव्हते, गावात वाचनालय नव्हते, त्याच्यासाठी संपादकाचे पत्र हीच पहिली समीक्षा असे.

‘अस्मितादर्श’मध्ये कविता, कथा, आत्मकथनपर लेखन, वैचारिक लेख, पुस्तक परीक्षणे आणि वाद असे सर्व काही येत असे. मोठ्या वृत्तपत्र समूहाचे किंवा धनिकाचे पाठबळ नसलेले हे त्रैमासिक होते. त्याचा आधार वर्गणीदार, महाविद्यालयांतले प्राध्यापक आणि चळवळीतले कार्यकर्ते हाच होता. लेखक आणि वाचक एकमेकांना समोरासमोर भेटावेत म्हणून ‘अस्मितादर्श’चे लेखक-वाचक मेळावेही भरत. नाव छापून आले की काम झाले, असे तिथे नव्हते. कवीला आपल्या वाचकासमोर उभे राहून प्रश्न ऐकावे लागत.

या कामाचे महत्त्व कळण्यासाठी तो काळ लक्षात घ्यावा लागेल. १९६३ मध्ये बाबुराव बागुल यांचा ‘जेव्हा मी जात चोरली होती’ हा कथासंग्रह आला होता. १९६९ मध्ये ‘मराठवाडा’च्या दिवाळी अंकात दलित साहित्यावर चर्चा झाली. १९७२ मध्ये दलित पँथरची स्थापना झाली आणि त्याच वर्षी नामदेव ढसाळ यांचा ‘गोलपिठा’ आला. १९७८ मध्ये दया पवार यांचे ‘बलुतं’, १९७९ मध्ये प्र. ई. सोनकांबळे यांचे ‘आठवणींचे पक्षी’, १९८१ मध्ये कुमुद पावडे यांचे ‘अंतःस्फोट’, १९८४ मध्ये शरणकुमार लिंबाळे यांचे ‘अक्करमाशी’ आणि १९८६ मध्ये बेबी कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’. अवघ्या पंचवीस वर्षांत मराठी साहित्याचा नकाशा बदलला. प्रस्थापित समीक्षेकडे या पुस्तकांसाठी तयार मोजपट्टी नव्हती. भाषा शिवराळ आहे, कलात्मकता कमी आहे, एकच दुःख पुन्हा पुन्हा येते, असे आक्षेप घेतले गेले. या आक्षेपांना केवळ संतापून उत्तर देऊन भागणार नव्हते. पुस्तक उघडून, पान काढून, हे असे का लिहिले आहे ते समजावून सांगणारे समीक्षक हवे होते. पानतावणे आणि त्यांच्या सोबतच्या लेखकांनी ते काम केले.

निकष कोणते होते?

पानतावणे यांच्या मांडणीत ‘दलित’ हा शब्द जातीचे नाव नाही. शोषण सोसलेला आणि ते नाकारून उभा राहिलेला माणूस, असा त्याचा अर्थ ते घेतात. या शब्दात त्यांना परिवर्तन आणि क्रांती दिसते, आणि त्याच्या तळाशी माणुसकीवरचा विश्वास. त्यामुळे केवळ दुःखाचे वर्णन केले म्हणून ते साहित्य ठरत नाही. त्या दुःखाचे कारण लेखकाला कळले आहे का, आणि त्यातून बाहेर पडण्याची जाणीव लेखनात आहे का, हा त्यांच्या दृष्टीने खरा प्रश्न होता.

बुद्धांनी केसमुत्त गावच्या कालामांना केलेला उपदेश आपल्याला ठाऊक आहे. परंपरेने आले, ग्रंथात लिहिले आहे किंवा मोठ्या माणसाने सांगितले, एवढ्यावरून काही स्वीकारू नका. स्वतः तपासा, हिताचे असेल तर घ्या. आंबेडकरी समीक्षेचा पाया हाच आहे. तो दोन्ही बाजूंनी लागू होतो. प्रस्थापितांचे म्हणणे जसे तपासायचे, तसे आपल्याच माणसाचे पुस्तकही तपासायचे. आपला आहे म्हणून सगळेच चांगले, असे म्हणणारा माणूस मित्र असेल, पण त्याला समीक्षक म्हणता येणार नाही.

पत्रकार बाबासाहेबांचा अभ्यास

पानतावणे यांच्या संशोधनाचा मुख्य विषय बाबासाहेबांची पत्रकारिता हा होता. ‘मूकनायक’ (३१ जानेवारी १९२०), ‘बहिष्कृत भारत’ (३ एप्रिल १९२७), ‘जनता’ (१९३०) आणि ‘प्रबुद्ध भारत’ (१९५६) या पत्रांचा त्यांनी कसून अभ्यास केला. त्या अभ्यासाचे फळ म्हणजे ‘पत्रकार डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ हा ग्रंथ. बाबासाहेबांना घटनाकार आणि मुक्तिदाता म्हणून सगळे ओळखत होते. अग्रलेख लिहिणारा, मथळा ठरवणारा, विरोधकांच्या मुद्द्याला मुद्द्याने उत्तर देणारा संपादक ही ओळख ठळक करण्यात पानतावणे यांचा वाटा मोठा आहे. स्वतः एक नियतकालिक चालवणाऱ्या माणसाने केलेला हा अभ्यास असल्यामुळे त्याला वेगळे वजन आहे.

इथे आपल्या तरुणांनी आणखी एक गोष्ट लक्षात ठेवावी. बाबासाहेब स्वतः ग्रंथपरीक्षण लिहीत. १९१८ मध्ये, वयाच्या २७ व्या वर्षी, त्यांनी बर्ट्रांड रसेल यांच्या समाजाच्या पुनर्रचनेवरील ग्रंथाचे परीक्षण ‘जर्नल ऑफ द इंडियन इकॉनॉमिक सोसायटी’मध्ये लिहिले. महाराष्ट्र शासनाने १९७९ मध्ये वसंत मून यांच्या संपादनाखाली प्रसिद्ध केलेल्या बाबासाहेबांच्या लेखन आणि भाषणांच्या पहिल्या खंडात ते वाचायला मिळते. रसेल युद्धाच्या विरोधात होते. म्हणून भारतीय वाचकाने त्यांना निष्क्रियतेचे समर्थक समजू नये, असे बाबासाहेब तिथे बजावतात. रसेल यांच्या विचारातली बळकट बाजू ते मोकळेपणाने मान्य करतात आणि मालमत्तेविषयीच्या त्यांच्या मांडणीतल्या उणिवाही दाखवतात. जगभर नाव असलेल्या तत्त्वज्ञासमोर एक तरुण भारतीय ना दबतो, ना उगाच आवाज चढवतो. परीक्षण कसे लिहावे याचा यापेक्षा चांगला धडा आपल्याला दुसरीकडे शोधण्याची गरज नाही.

वाद आणि मर्यादा

पानतावणे यांची कारकीर्द वादाशिवाय गेली नाही, आणि ते बरेच झाले. सर्वांत मोठा वाद नावाचा होता. या साहित्याला ‘दलित साहित्य’ म्हणावे की ‘बौद्ध साहित्य’, ‘फुले-आंबेडकरी साहित्य’ की ‘आंबेडकरवादी साहित्य’? राजा ढाले यांनी ‘दलित’ या शब्दाला ठाम विरोध केला. डॉ. यशवंत मनोहर यांनी आंबेडकरवादी साहित्याची भूमिका मांडली. धम्म स्वीकारल्यानंतर आपण स्वतःला दलित का म्हणवून घ्यायचे, हा त्यामागचा प्रश्न आजही आपल्या विहारांतल्या चर्चांमध्ये निघतो. पानतावणे ‘दलित’ शब्दाच्या क्रांतिकारक अर्थावर ठाम राहिले. त्यांचे म्हणणे पटो न पटो, त्यांनी शब्दाची व्याख्या करून वाद केला, हे विसरता येत नाही.

सौंदर्यशास्त्राच्या अंगानेही काम पुढे गेले. शरद पाटील यांचे ‘अब्राह्मणी साहित्यांचे सौंदर्यशास्त्र’ आणि शरणकुमार लिंबाळे यांचे ‘दलित साहित्याचे सौंदर्यशास्त्र’ या ग्रंथांनी समीक्षेचे तात्त्विक प्रश्न अधिक खोलात नेले. ‘अस्मितादर्श’ने जी चर्चा अंकाअंकातून जिवंत ठेवली, तिला या ग्रंथांनी पुस्तकाचे रूप दिले असे म्हणता येईल.

मर्यादाही सांगितली पाहिजे. त्रैमासिकाचा वाचक प्रामुख्याने शिकलेला, महाविद्यालयाशी संबंध असलेला होता. भर कविता, कथा, आत्मकथन आणि वैचारिक लेखनावर होता. वस्तीतल्या माणसाचा मोठा वेळ गाण्याच्या पार्ट्या, नाटक, सिनेमा आणि पुढे टीव्हीकडे जात होता. त्या सगळ्याची नियमित समीक्षा करणारी यंत्रणा मात्र आपण उभी केली नाही. हा दोष एका माणसाचा नाही. पण ती जागा रिकामी राहिली, आणि आज तिची उणीव सर्वांत जास्त जाणवते.

पडदा कोण वाचणार?

गेल्या पंचवीस वर्षांत पडद्यावर आपल्याशी थेट संबंध असलेले बरेच काही आले. जब्बार पटेल यांच्या ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर’ या चित्रपटातील भूमिकेसाठी मामुट्टी यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट रमाबाई नगरच्या ११ जुलै १९९७ च्या गोळीबारापासून आणि शाहीर विलास घोगरे यांच्या मृत्यूपासून सुरू होतो. नागराज मंजुळे यांचे ‘फँड्री’ आणि ‘सैराट’ आले. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. त्यात लोकशाहीर नारायण कांबळे यांची भूमिका नागपूरचे कार्यकर्ते आणि ‘विद्रोही’चे संपादक वीरा साथीदार यांनी केली. एप्रिल २०२१ मध्ये कोरोनाने ते गेले. दूरचित्रवाणीवर श्याम बेनेगल यांच्या ‘संविधान’ मालिकेत (२०१४) सचिन खेडेकर यांनी बाबासाहेब साकारले. २०१९ मध्ये सुरू झालेल्या ‘डॉ. बाबासाहेब आंबेडकर : महामानवाची गौरवगाथा’ या स्टार प्रवाहच्या मालिकेतले सागर देशमुख घराघरांत पोहोचले.

या कलाकृतींवर आपण बोललो का? बोललो, पण बहुतेक वेळा दोनच सुरांत. एक सूर कौतुकाचा, ‘अंगावर काटा आला’ इतकाच. दुसरा बहिष्काराचा. मधली जागा समीक्षेची. ‘फँड्री’मध्ये जब्याचे कुटुंब पकडलेले डुक्कर काठीला बांधून नेते आणि मागे शाळेच्या भिंतीवर बाबासाहेब आणि सावित्रीबाई यांची चित्रे दिसतात. कॅमेरा काही सेकंदच ती भिंत दाखवतो. ज्याला ती चित्रे केवळ शाळेची सजावट वाटतात, त्याला ते दृश्य अर्धेच कळते. आपल्या वस्तीत वाढलेल्या मुलाला ते पूर्ण कळते. पण कळणे आणि ते लिहून दुसऱ्याला समजावणे यात फरक आहे. आपल्या डोळ्यांना जे दिसते ते लिहिले गेले नाही, तर त्या चित्रपटाचा अर्थ दुसरेच कोणीतरी ठरवतात.

बाबासाहेबांच्या जीवनावरील मालिकांचा प्रश्न अधिक गंभीर आहे. मालिकेला रोज एक भाग हवा असतो, म्हणून प्रसंग ताणले जातात, संवाद रचले जातात. लहान मुले तोच इतिहास समजतात. मालिकेतला कोणता प्रसंग चरित्रात आहे, कोणता बदलला आहे, कोणती व्यक्ती गाळली आहे, हे भागागणिक नोंदवणारा एक जरी अभ्यासू समीक्षक प्रत्येक जिल्ह्यात असता, तर विहारातल्या रविवारच्या वर्गात मुलांना तेवढे तरी सांगता आले असते.

चंद्रपूर-गडचिरोलीतून सुरुवात का करावी?

आपल्या दोन जिल्ह्यांकडे समीक्षेसाठी विषयांची कमतरता नाही. दिवाळीनंतर मंडईला सुरुवात झाली की होळीपर्यंत झाडीपट्टीची नाटके चालतात. देसाईगंज म्हणजे वडसा हे या व्यवसायाचे केंद्र. रात्री सुरू झालेले नाटक पहाटेपर्यंत चालते आणि आजूबाजूच्या गावांतून माणसे बैलबंडी, ट्रॅक्टर, दुचाकीने येतात. या रंगभूमीचे ज्येष्ठ कलावंत परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली. २०२२ मध्ये तृषांत इंगळे यांचा ‘झॉलीवूड’ हा चित्रपटही या रंगभूमीवर आला. सत्काराच्या बातम्या होतात, पण त्या नाटकांमध्ये बाई कशी दाखवतात, जातीवर कोणते विनोद होतात, आदिवासी पात्र नेहमी भोळे किंवा दारुडेच का असते, यावर गंभीर लेखन शोधावे लागते. हजारो लोक रात्रभर जागून जे पाहतात, ते समीक्षेच्या लायकीचे नाही असे कोणी ठरवले?

अलीकडचे दुसरे उदाहरण ‘स्थळ’ या चित्रपटाचे. जयंत दिगंबर सोमलकर यांनी चंद्रपूर जिल्ह्यातील डोंगरगाव येथे, गावातल्याच माणसांना घेऊन तो केला. टोरांटो चित्रपट महोत्सवात २०२३ मध्ये त्याला नेटपॅक पुरस्कार मिळाला आणि ७ मार्च २०२५ रोजी तो महाराष्ट्रात प्रदर्शित झाला. शिकू पाहणाऱ्या सविताला पाहुण्यांसमोर पुन्हा पुन्हा बसवले जाते, उंची आणि रंग विचारला जातो. कापसाला भाव नसलेल्या बापाची घालमेलही त्यात आहे. मुंबई-पुण्याच्या समीक्षकांनी कांदेपोह्यांच्या प्रथेवरचे भाष्य म्हणून त्याचे कौतुक केले आणि ते योग्यच आहे. पण आपल्या भागातला समीक्षक आणखी काही विचारू शकतो. हे स्थळ कोणत्या नात्यागोत्यात शोधले जात आहे? हुंड्याचा हिशेब आणि जातीचा हिशेब एकत्र कसा चालतो? आपल्या समाजात, बौद्ध पद्धतीने लग्न लावणाऱ्या घरांत, मुलीला पाहण्याचा कार्यक्रम वेगळा होतो का? शेवटचा प्रश्न आपल्यालाच टोचतो, आणि म्हणूनच तो विचारला पाहिजे.

जंगलाच्या चित्रणाचेही तसेच आहे. २०१७ च्या ‘न्यूटन’मध्ये शेजारच्या छत्तीसगडमधील मतदान केंद्र आहे. अशा कथांमध्ये गोंड-माडिया माणूस किती वेळ बोलतो, कोणत्या भाषेत बोलतो आणि त्याच्या वतीने कोण बोलते, हे मोजण्यासाठी मोठ्या पदवीची गरज नाही. ती भाषा ऐकत वाढलेला कान पुरेसा आहे. असा कान आपल्या भागातल्या आदिवासी तरुणांकडे आहे. त्यांनी लिहावे आणि आपण त्यांना जागा द्यावी. त्यांच्या वतीने आपणच लिहू लागलो, तर आपल्याबाबतीत इतरांनी केलेली चूक आपणही करू.

नव्या समीक्षकासाठी काही गोष्टी

पानतावणे यांच्या कामावरून आणि बाबासाहेबांच्या परीक्षणावरून काही साध्या सवयी लावून घेता येतील.

पहिली : पुस्तक पूर्ण वाचा, चित्रपट दोनदा पाहा. पहिल्यांदा प्रेक्षक म्हणून आणि दुसऱ्यांदा वही घेऊन. मालिका असेल तर भागाची तारीख लिहून ठेवा.

दुसरी : सुरुवातीला लेखकाचे म्हणणे त्याला मान्य होईल इतक्या प्रामाणिकपणे थोडक्यात सांगा. टीका त्यानंतर. रसेल यांच्या परीक्षणात बाबासाहेबांनी हेच केले आहे.

तिसरी : तथ्य तपासा. तारखा, नावे, ठिकाणे मूळ ग्रंथांशी पडताळून पाहा. बाबासाहेबांच्या नावावर फिरणारे वाक्य खंडांत सापडले नाही, तर तसे स्पष्ट लिहा.

चौथी : कोण बोलते आणि कोण गप्प आहे ते पाहा. स्त्री, आदिवासी, सफाई कामगार, भटका माणूस यांना कलाकृतीत स्वतःचे म्हणणे आहे का, की ते केवळ नायकाला मोठे करण्यासाठी आहेत?

पाचवी : विशेषणे कमी करा. ‘अप्रतिम’, ‘जबरदस्त’, ‘भंगार’ या शब्दांनी वाचकाला काहीच कळत नाही. एक दृश्य किंवा एक प्रसंग घेऊन तुमचे मत कसे बनले ते दाखवा.

सहावी : आपल्या माणसाला सूट देऊ नका आणि विरोधकावर अन्याय करू नका. ओळखीच्या कवीचा संग्रह कच्चा असेल, तर तसे सांगण्याची पद्धत मैत्रीची असावी, पण सांगणे टाळू नये.

सातवी : पोटापाण्याची सोय वेगळी ठेवा. पानतावणे यांनी आयुष्यभर अध्यापन केले आणि त्याच्या आधारावर समीक्षा व संपादन केले. परीक्षणाच्या मानधनावर घर चालत नाही. शिक्षक, ग्रंथपाल, वकील, बँकेतला कर्मचारी, शेतकरी अशी कोणतीही व्यक्ती समीक्षक होऊ शकते. नोकरीमुळे मिळालेले स्वातंत्र्य लेखनात वापरता आले पाहिजे. ज्याचे पुस्तक आहे त्याच्याकडूनच पैसे घेऊन लिहिलेले परीक्षण ही जाहिरात असते.

हे सगळे सुरू करायला मोठ्या संस्थेची वाट पाहण्याची गरज नाही. गोंडवाना विद्यापीठाच्या महाविद्यालयांत मराठीचे आणि समाजशास्त्राचे विद्यार्थी आहेत. प्रत्येक तालुक्यात विहार आहे. महिन्यातून एका रविवारी एका पुस्तकावर किंवा एका चित्रपटावर लेखी परीक्षण वाचायचे, बाकीच्यांनी प्रश्न विचारायचे आणि वाचणाऱ्याने दुरुस्त करून ते प्रसिद्ध करायचे, एवढे जमले तरी पुरे. नागसेनवनात हेच चालत होते.

ज्या काळात मोबाइल नव्हता, त्या काळात औरंगाबादच्या एका प्राध्यापकाने पोस्टकार्डांच्या आणि त्रैमासिकाच्या बळावर एका साहित्याला वाचक आणि समीक्षक मिळवून दिले. आपल्या हातात आज त्यापेक्षा कितीतरी जास्त साधने आहेत. येत्या १६ ऑक्टोबरला चंद्रपूरच्या दीक्षाभूमीवरून पुस्तक विकत घ्याल, तेव्हा ते वाचून झाल्यावर दोन पाने त्याच्याविषयी लिहा आणि लेखकाला पाठवा. पानतावणे सरांच्या स्मृतीला अभिवादन करण्याचा हा सर्वांत चांगला मार्ग ठरेल.

जय भीम. नमो बुद्धाय.